प्लॅस्टिकचा समुद्र

पुणे,
१२ जुलै

प्रिय बाळू,

तुझं पत्र परवा मिळालं. दोनदा वाचलं आणि घडी घालून चष्म्याच्या डबीखाली ठेवलं. लगेच फोन केला असता तर माझा आवाज चढला असता, म्हणून दोन दिवस गप्प बसलो. नाटकांचे सेट बांधायची शेड विकणार, हत्यारं भाच्याला देणार, तीस वर्षांची ड्रॉइंगं रद्दीत घालणार. आणि कारण काय, तर ‘आता मागं एलईडीची भिंत लावली की वाडाही होतो आणि जंगलही होतं. आणि खरं सांग, आपण लावलेल्या भिंतीकडं आजवर कुणी बघितलंय का?’

या शेवटच्या प्रश्नापायी झोप लागली नाही मला. त्याचंच उत्तर लिहायला बसलोय. लांबेल, पण तू वाचशील.

गेल्या वर्षी थोरलीकडं गेलो होतो तेव्हा चार दिवस रोमला काढले, हे तुला माहीत आहे. तिथं चिनेचित्ता या चित्रपट स्टुडिओला गेलो, हेही फोनवर सांगितलं होतं. पण काय बघितलं ते नीट सांगायचं राहून गेलं. मेट्रोच्या ए लाइनवर चिनेचित्ता नावाचंच स्टेशन आहे. जिना चढून वर आलं की समोर स्टुडिओचं फाटक. आत गेरूच्या रंगाच्या बैठ्या इमारती, छत्रीसारखे पाइन वृक्ष, आणि हिरवळीवर फेलिनी या इटालियन दिग्दर्शकाच्या एका चित्रपटातलं बाईचं भलंमोठं मस्तक, जमिनीतून डोळ्यांपर्यंत वर आलेलं. पुढं प्राचीन रोमचा सेट उभा आहे, एका टीव्ही मालिकेसाठी बांधलेला. देवळं, खांब, दगडी फरसबंदी. मी सवयीनं बोटाच्या पेरानं खांबावर टकटक केली. पोकळ. मागं जाऊन बघितलं तर पाइपांचा सांगाडा, आपल्यासारखाच. बाळू, त्या क्षणी मला गहिवरून आलं. मुलगी विचारत होती काय झालं म्हणून, तिला सांगता येईना.

तिथून आल्यापासून मी एका माणसाच्या मागं लागलोय. दान्ते फेरेत्ती. तो इटलीचा कलादिग्दर्शक. ते लोक त्याला ‘शेनोग्राफो’ म्हणतात. त्याचे मिळतील तेवढे चित्रपट पाहिले, मुलाखती मुलीकडून समजून घेतल्या. तुला त्याच्याबद्दल सांगितल्याशिवाय तुझ्या पत्राला उत्तर देता येणार नाही.

जन्म १९४३ चा, माचेराता नावाच्या लहान गावातला. बापाचा फर्निचरचा कारखाना. म्हणजे तुझ्यासारखाच, रंध्याच्या भुशात खेळलेला. लहानपणी बापाच्या खिशातली नाणी काढून सिनेमाला जायचा. मोठेपणी रोमच्या कला अकादमीत शिकला आणि लुईजी स्काच्चानोचे या कलादिग्दर्शकाच्या हाताखाली लागला. हा स्काच्चानोचे तेव्हा पाझोलिनी या कवी-दिग्दर्शकासाठी काम करत होता. तिथं फेरेत्तीनं धावपळ केली, मापं घेतली, कामगार सांभाळले. आणि १९६९ मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, पाझोलिनीच्या ‘मेदेआ’ या ग्रीक दंतकथेवरच्या चित्रपटाचं काम त्याच्याकडं आलं. नायिका कोण, तर मारिया कॅलास, ऑपेराची सम्राज्ञी.

आता मला जे सांगायचंय ते इथून सुरू होतं. त्या चित्रपटात बांधण्यासारखं फार थोडं होतं. तुर्कस्तानात कापादोकियाच्या सुळक्यांत कोरलेली गुहामंदिरं, सीरियातला अलेप्पोचा किल्ला, इटलीतलाच पिसाचा चौक. कवीनं जागा निवडलेल्या. तरुण कलादिग्दर्शकानं करायचं काय? तर आजचा काळ तिथून काढून टाकायचा, आणि उरलेल्या दगडाला त्या गोष्टीतला दगड करायचं. पुढं ‘अरेबियन नाइट्स’साठी येमेन, इराण, नेपाळ असे फिरले, तेव्हाही तेच. ज्या शहराला बाराशे वर्षांची भिंत आहे तिथं प्लायवूड ठोकायचं नाही, एवढं कळायलाही अक्कल लागते, बाळू. आपण दोघं त्या वयात असतो तर चार खांब जास्तच उभे केले असते.

पाझोलिनी आणि तो एवढी वर्षं बरोबर राहिले, पण एकमेकांना अहो-जाहोच करत. अरे-तुरेवर कधी आले नाहीत. पाझोलिनी फ्रेम लावायचा ती जुन्या चित्रकारांसारखी, समोरासमोर, मधोमध. त्याच्या ‘डेकामेरॉन’मध्ये तो स्वतःच जोत्तो या चित्रकाराचा शिष्य झालाय आणि भिंतीवर चित्र रंगवतोय. अशा माणसाबरोबर फेरेत्ती भिंत म्हणजे काय ते शिकला. २ नोव्हेंबर १९७५ ला ओस्तियाला पाझोलिनीचा खून झाला. शेवटचा चित्रपट तयार होता, तो त्याच्या माघारी लागला. फेरेत्ती तेव्हा बत्तीस वर्षांचा होता.

मधल्या काळात एलिओ पेत्री या दिग्दर्शकासाठीही त्यानं कामं केली, ती मी अजून पुरती पाहिलेली नाहीत, म्हणून ती सोडून पुढं जातो. मला फेलिनीकडं यायची घाई झालीय.

एकीकडं पाझोलिनी, जो खऱ्या दगडाशिवाय हलत नाही. आणि दुसरीकडं फेलिनी, ज्याला खरा समुद्रसुद्धा नकोसा वाटतो! एकाच माणसानं दोघांसाठी पाच-पाच चित्रपट करावेत, याचं मला अजून नवल वाटतं. फेलिनीबरोबरचा पहिला चित्रपट ‘ऑर्केस्ट्रा रिहर्सल’, १९७८ चा. जवळजवळ सगळा एका खोलीत. जुनं प्रार्थनागृह, वादक तालमीला जमलेत, भांडणं वाढत जातात आणि शेवटी पाडकामाचा लोखंडी गोळा भिंत फोडून आत येतो. आता तू सांग, कारागीर म्हणून सांग: तासभर लोकांनी बघितलेली भिंत शेवटी एका टेकमध्ये फोडायची असेल, तर ती कशी बांधशील? ती आधीपासून जड दिसली पाहिजे. फुटताना धूळ जुनी दिसली पाहिजे. त्या भिंतीकडं कुणी बघितलं नाही म्हणतोस? ती फुटली तेव्हा मी खुर्चीत दचकलो. आधी मनात कुठंतरी ती पक्की बसली होती म्हणूनच ना.

फेलिनीची एक गोष्ट फेरेत्ती नेहमी सांगतो. दोघं सकाळी गाडीतून चिनेचित्ताला जायचे आणि फेलिनी रोज विचारायचा, ‘काल रात्री काय स्वप्न पडलं?’ सुरुवातीला हा म्हणायचा, काही नाही. ते चालायचं नाही. मग यानं स्वप्नं रचायला सुरुवात केली, फेलिनीला आवडतील अशीच. फेलिनीला कळत होतं की हा रचून सांगतोय. तरी तो आनंदानं ऐकायचा. मला वाटतं, तिथंच त्यांचं काम सुरू व्हायचं. स्टुडिओ येईपर्यंत सेटचं बी पडलेलं असायचं.

आणि आता तो समुद्र. ‘अँड द शिप सेल्स ऑन’, १९८३. गोष्ट १९१४ मधली. एक गायिका वारलीय, तिच्या अस्थी समुद्रात सोडायला गायक, उमराव, संगीतकार असे सगळे मोठ्या जहाजातून निघालेत. हे जहाज, तो समुद्र, ते आभाळ, सगळं चिनेचित्तात. समुद्र प्लॅस्टिकचा! लांबच लांब प्लॅस्टिकचे पडदे हलवून लाटा केल्यात. जहाजाचा डेक हायड्रॉलिक जॅकवर ठेवलेला, तो खराच डुलतो. सूर्य रंगवलेला. एका प्रसंगात प्रवासी मावळतीकडं बघून म्हणतात की किती सुंदर, अगदी खोटं वाटतंय. आणि शेवटी कॅमेरा मागं येत येत सगळं उघडं करतो: स्टुडिओ, जॅक, दिवे, धूर सोडणारी माणसं, दुसरा कॅमेरा.

मी हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा पहिली पाच मिनिटं ते प्लॅस्टिक मला प्लॅस्टिकच दिसत होतं. मग कधी तो समुद्र झाला ते कळलं नाही. आणि शेवटी सगळं उघडं करून दाखवल्यावरही मला त्या जहाजातल्या माणसांचं वाईट वाटतच राहिलं. तुला आठवतं, आपल्या त्या नाटकात नदीसाठी आपण निळ्या साड्या ताणल्या होत्या? पहिल्या रांगेतल्या एका पोरानं पाय वर घेतले होते. तू विंगेतून मला खुणेनं दाखवलं होतंस. ते पोर साड्याच बघत होतं, बाळू. तरी त्यानं पाय वर घेतले.

फेलिनी १९९३ मध्ये गेला. त्याचा देह लोकांना दर्शनासाठी चिनेचित्तातल्या पाच नंबरच्या स्टुडिओत ठेवला होता. त्याचा आवडता, सगळ्यात मोठा स्टुडिओ. मागं रंगवलेल्या आभाळाचा पडदा. मी त्या स्टुडिओच्या बाहेर उभा होतो. दार बंद होतं, आत कसलं तरी काम चालू होतं, ठोकाठोकीचा आवाज येत होता. तेवढ्यावर मी परत फिरलो.

आता त्याच्या बांधकामाकडं येतो, कारण तुझा खरा जीव तिथं आहे. उम्बेर्तो एकोच्या ‘द नेम ऑफ द रोझ’ या कादंबरीवर जाँ-जाक अनोनं १९८६ मध्ये चित्रपट केला. त्यासाठी फेरेत्तीनं रोमजवळच्या टेकडीवर चौदाव्या शतकातला मठ बाहेरून अख्खा उभा केला. बुरूज, चर्च, अंगण, सगळं. आतले काही प्रसंग जर्मनीतल्या एबरबाख इथल्या खऱ्या मठात घेतले. कादंबरीतलं ग्रंथालय म्हणजे एकाच मजल्यावरचा चक्रव्यूह आहे. चित्रपटात त्यानं तो उभा केला, जिन्यावर जिना, वर जाणारे, खाली उतरणारे, कुठंच न पोचणारे. पानावर आडवा चक्रव्यूह समजतो. पडद्यावर आडव्या चक्रव्यूहात फक्त पुढची खोली दिसते, उंच जिन्यांत माणूस किती हरवलाय ते एका नजरेत कळतं. लेखकाच्या मजकुरात एवढी मोठी मोकळीक घ्यायला हिंमत पाहिजे आणि ती घेण्याआधी पुस्तक पुरतं पचवलेलं पाहिजे.

मग टेरी गिलियमचा ‘बॅरन मुनचाउझेन’. त्यासाठी त्याला ऑस्करचं पहिलं नामांकन मिळालं. पुढं तो अमेरिकेच्या चित्रपटांत गेला, पण मला त्याचं जाणं म्हणवत नाही. कारण त्यानं उलट केलं, अमेरिकाच रोमला आणली. मार्टिन स्कोर्सेसी या अमेरिकन दिग्दर्शकाशी त्याची ओळख फेलिनीच्या सेटवर, चिनेचित्तातच झाली होती. १९९३ चा ‘द एज ऑफ इनोसन्स’ हा दोघांचा पहिला. ‘कुंदुन’साठी त्यानं मोरोक्कोत तिबेट उभा केला, दलाई लामांचा पोताला राजवाडा वाळवंटाच्या कडेला. कपडेपटही त्याचाच. आणि ‘गँग्ज ऑफ न्यूयॉर्क’साठी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावरचं न्यूयॉर्क चिनेचित्तात! फाइव्ह पॉइंट्स नावाची ती गरीब वस्ती न्यूयॉर्कमध्ये केव्हाच पाडून टाकलेली. तिथं शूटिंग करायचं म्हटलं तरी करणार कुठं? म्हणून इटालियन सुतारांनी, गिलाव्यावाल्यांनी, रंगाऱ्यांनी ती गल्ली, चौक, धक्का आणि धक्क्याला लागलेली जहाजं रोममध्ये उभी केली. ‘स्टार वॉर्स’वाला जॉर्ज लुकास तिथं आला होता आणि म्हणाला की हे सगळं आता संगणकावर करता येतं, असं सांगतात. ही गोष्ट पंचवीस वर्षांपूर्वीची! म्हणजे तू आज जे ऐकून शेड विकायला निघालास ते फेरेत्तीच्या सेटवर उभं राहून तेव्हाच बोललं गेलं होतं. तो पुढं काम करत राहिला. त्याचे तिन्ही ऑस्कर त्यानंतरचे आहेत.

त्या लाकडी वस्तीतल्या घरांकडं पडदा थांबवून बघ. कोपरे गुण्यात नाहीत, काटकोन कुठं जुळत नाही. छपराला पोक आलंय. फळ्या एका मापाच्या नाहीत, कारण ज्यानं घर बांधलं त्याला मिळतील त्याच फळ्या लावाव्या लागल्या. फेरेत्ती म्हणतो की मी त्या काळात राहणारा बांधकाम करणारा माणूस बनतो, आणि मग त्या माणसाच्या चुकाही करतो. सगळं बिनचूक झालं की सेट वाटतो. त्यानं आपल्या आठवणींच्या पुस्तकाचं नाव ‘अपूर्ण सौंदर्य’ अशा अर्थाचं ठेवलंय. हे वाचलं तेव्हा मला तुझे बापू आठवले. आपण पहिला चौसोपी वाडा लावला होता, देवघराचा कोनाडा गुण्यात ठेवून एकदम सरळ कापला होता, आणि बापूंनी येऊन पटाशीनं एक कड मारली होती. तू चिडला होतास. ते म्हणाले होते, ‘रोज दिवा ठेवणारी बाई आहे ना घरात? मग ही कड शाबूत कशी?’ माचेरातातल्या सुताराच्या पोराला जे पुढं फेलिनीनं शिकवलं असेल, ते तुला घरातच मिळालं होतं.

त्याची बायको फ्रांचेस्का लो स्क्याव्हो. तिच्याबद्दल लिहिलं नाही तर सगळंच अर्धं राहील. ती सेट डेकोरेटर. तो भिंती उभ्या करतो, ती त्या घरात माणसं राहतात हे सिद्ध करते. पडदे, खुर्च्या, ताटल्या, टेबलावर अर्धवट ठेवलेलं काहीतरी. ‘द एव्हिएटर’, ‘स्वीनी टॉड’ आणि ‘ह्यूगो’ या तिन्ही चित्रपटांचे ऑस्कर दोघांना मिळून मिळाले. त्याआधी कलादिग्दर्शनासाठी सहा वेळा नाव पुढं जाऊन तो रिकाम्या हातानं परतला होता. सहा वेळा, बाळू. तिसरा मिळाला तेव्हा तो एकोणसत्तर वर्षांचा होत होता.

‘ह्यूगो’ तू पोरांबरोबर पाहिला होतास, आठवतं? पॅरिसचं स्टेशन, घड्याळाच्या मागं राहणारा मुलगा. ते स्टेशन लंडनजवळच्या शेपर्टन स्टुडिओत बांधलं होतं. त्यात मेल्येस या फ्रेंच दिग्दर्शकाचा काचेचा स्टुडिओ आहे, सिनेमाच्या अगदी सुरुवातीचा, जिथं मासे, राक्षस आणि चंद्र रंगवलेल्या पडद्यांवर तयार व्हायचे. म्हाताऱ्या कलादिग्दर्शकानं आपल्या धंद्याच्या आजोबाचा कारखाना पुन्हा बांधून दिला. मला तो प्रसंग बघताना कोल्हापुरातल्या जुन्या स्टुडिओच्या गोष्टी आठवत होत्या, तुझ्या आजोबांनी सांगितलेल्या. बाबूराव पेंटरांनी स्वतः कॅमेरा बनवला, पडदे रंगवले, आणि त्यांच्या हाताखाली साहेबमामा फत्तेलालांसारखे कलादिग्दर्शक तयार झाले.

आणि हे तुला ठाऊक आहे का? २८ एप्रिल १९३७ ला चिनेचित्ताचं उद्घाटन झालं. त्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात ‘संत तुकाराम’ जगातल्या तीन उत्तम चित्रपटांत गणला गेला. प्रभातच्या दामले आणि फत्तेलालांचा. ज्या देशात त्या वर्षी तो सगळा गेरूचा कारखाना उभा राहत होता, त्याच देशात लोकांनी साहेबमामांचं देहू बघितलं. तुकोबांचं घर, अंगण, इंद्रायणीचा काठ. फेरेत्तीचा जन्म व्हायला अजून सहा वर्षं होती. मी चिनेचित्ताच्या हिरवळीवर बसून मुलीला हे सांगितलं. ती पुण्यात वाढली, प्रभातच्या जागेवरून हजारदा गेलीय, तरी तिला हे माहीत नव्हतं. मग मी मोठ्यानं सांगितलं. शेजारचं एक जपानी जोडपं बघायला लागलं.

तू म्हणशील, फेरेत्तीला न्यूयॉर्कच्या मोमा संग्रहालयानं प्रदर्शन भरवून मान दिला, आपल्याला कोण विचारतं? खरं आहे. ते प्रदर्शन २०१३ मध्ये झालं. पण तिथं भिंतींवर काय लावलं होतं? त्याची ड्रॉइंगं. कोळशानं आणि पेस्टलनं केलेली मोठमोठी, अंधारातून उजेडाकडं जाणारी. सेट तर बहुतेक वेळा शूटिंग संपलं की मोडूनच टाकतात. कागद राहिले. आणि तू नेमके कागद रद्दीत घालतोयस.

शेड विकायची तर विक. गुडघे दुखतात, भाडं परवडत नाही, पोरं तिकडं नोकरीत, हे मला समजतं. त्यावर मी काही बोलणार नाही. हत्यारं भाच्याला दे, पोरगा हुशार आहे. पण ड्रॉइंगं मला हवीत. वाड्याचं, त्या पोलीस चौकीचं, आणि मुख्य म्हणजे गिरणी कामगाराच्या खोलीचं. त्यात मोरीच्या कठड्यावर साबण ठेवायला तू जी जागा काढली होतीस ती खुर्चीतल्या कुणाला दिसणार नव्हती. पण काम करणारी नटी रोज तिथं हात न्यायची, बघितलंस का तू? प्रयोगाआधी एकदा साबण ठेवायचा राहिला तर तिनं तिसरी घंटा थांबवली होती. तिनं बघितलं होतं तुझ्या भिंतीकडं. तुझ्या प्रश्नाला माझ्याकडं एवढंच उत्तर आहे.

येत्या आठवड्यात बुधवारच्या सकाळच्या गाडीनं ये. ड्रॉइंगांची गुंडाळी पावसात भिजेल, म्हणून जुन्या पाइपात घालून दोन्ही तोंडं बांध. थोरलीनं मोठा स्कॅनर पाठवलाय, एकेक करून सगळी काढू. तीन-चार दिवस लागतील. रात्री तो जहाजाचा चित्रपट लावतो. वहिनींनाही आण, हिला बरं वाटेल. आणि बापूंची ती पटाशी भाच्याला देऊ नकोस, येताना घेऊन ये. माझ्या देवघराची कड अजून शाबूत आहे.

तुझा,
दिनू